ब्राझीलचा बचावपटू लुसियो : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

लुसियोचे पूर्ण नाव काय आणि त्याची थोडक्यात ओळख कोणती?

त्याचे पूर्ण नाव लुसिमार दा सिल्वा फेरेरा. जन्म ८ मे १९७८ रोजी ब्राझीलच्या संघीय जिल्ह्यातील प्लानाल्तिना या गावी झाला. मध्यवर्ती बचावपटू म्हणून तो ब्राझीलकडून १०५ सामने खेळला आणि त्यांत त्याने ४ गोल केले. २००२ चा विश्वचषक, २००५ आणि २००९ चे कॉन्फेडरेशन्स चषक, बायर्न म्युनिककडून जर्मनीतील तीन लीग विजेतेपदे आणि इंटर मिलानकडून २०१० मधील लीग, चषक व चॅम्पियन्स लीग असे तिहेरी यश त्याच्या नावावर आहे. भारतीय प्रेक्षकांना तो एफसी गोवा संघामुळे ठाऊक आहे. या संघाकडून तो इंडियन सुपर लीगचे २०१५ आणि २०१६ असे दोन मोसम खेळला.

त्याचे बालपण कोठे गेले? ब्राझीलच्या फुटबॉलमध्ये या भागाला काय स्थान आहे?

प्लानाल्तिना ब्राझिलियाच्या सीमेवर आहे. ब्राझिलिया ही राजधानी १९६० मध्ये माळरानावर नव्याने वसवण्यात आली. प्लानाल्तिना मात्र तिच्याआधी शंभर वर्षांपासून नांदते गाव होते आणि नंतर राजधानीच्या जिल्ह्यात सामील झाले. ब्राझीलच्या फुटबॉलची सत्ताकेंद्रे रिओ, साओ पावलो, बेलो ओरिझोंते आणि पोर्तो अलेग्रे येथे आहेत. राजधानीचा जिल्हा या नकाशात कायम कोपऱ्यात राहिला. येथील क्लब लहान, पैसा बेताचा आणि मोठ्या क्लबांचे शोधक इकडे फिरकणे विरळाच. २००७ चा सर्वोत्तम खेळाडू काका याचा जन्मही याच जिल्ह्यातील गामा येथे झाला, पण तो साओ पावलोत वाढला आणि तेथील नामांकित क्लबच्या अकादमीतून पुढे आला. लुसियोला ती सोय नव्हती. तो आधी गावच्या प्लानाल्तिना क्लबमध्ये आणि मग जवळच्या ग्वारा क्लबमध्ये खेळला.

सात गोलांनी हरलेल्या सामन्यामुळे त्याला मोठा क्लब मिळाला, हे खरे आहे का?

खरे आहे. ब्राझील चषक ही बाद पद्धतीची स्पर्धा आहे. तिच्यात छोट्या राज्यांचे क्लबही भाग घेतात आणि त्या काळी पहिल्याच फेरीत त्यांची गाठ एखाद्या बलाढ्य संघाशी पडू शकत असे. १९९७ मध्ये ग्वाराची गाठ पोर्तो अलेग्रेच्या इंटरनॅसियोनालशी पडली आणि ग्वारा ०-७ असा हरला. ज्या संघाची बचावफळी सात वेळा फुटली, त्याच फळीतील एका मुलाला प्रतिस्पर्ध्यांनी आपल्याकडे बोलावून घेतले. वरवर पाहता हे चमत्कारिक वाटते. पण बचावपटूची पारख करायला असा सामना सोयीचाच असतो, कारण जिंकणाऱ्या संघाच्या बचावपटूकडे चेंडू अधूनमधून येतो, तर हरणाऱ्या संघाच्या बचावपटूला नव्वद मिनिटे उसंत मिळत नाही. तो पाचव्या गोलानंतरही धावतो आहे की मान खाली घालून उभा आहे, हे जाणकाराच्या नजरेतून सुटत नाही.

इंटरनॅसियोनालमध्ये त्याची घडण कशी झाली?

पोर्तो अलेग्रे ज्यात आहे ते रिओ ग्रांदे दो सुल हे ब्राझीलच्या दक्षिण टोकाचे राज्य उरुग्वे आणि अर्जेंटिनाला लागून आहे. तेथील फुटबॉलही त्या दोन देशांच्या वळणाचे, म्हणजे अंगाला अंग भिडवणारे आणि बचावाला मान देणारे आहे. इंटरनॅसियोनालच्या इतिहासात सर्वाधिक प्रेम मिळवणाऱ्यांपैकी एक खेळाडू बचावपटूच आहे. हा चिलीचा एलियास फिगेरोआ, ज्याने १९७५ च्या राष्ट्रीय अजिंक्यपदाच्या अंतिम सामन्यात क्रुझेरोविरुद्ध हेडरने एकमेव गोल केला होता. लुसियोला पुढे राष्ट्रीय संघाचे कर्णधारपद देणारा डुंगाही याच क्लबमध्ये घडला. अशा ठिकाणी लुसियोने पहिल्या संघात जागा मिळवली. २००० मध्ये तो सिडनी ऑलिंपिकच्या संघात होता. तेथे उपांत्यपूर्व फेरीत कॅमेरूनचे दोन खेळाडू मैदानाबाहेर गेलेले असतानाही ब्राझील जादा वेळेतील गोलावर हरला. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये कोलंबियाविरुद्ध विश्वचषक पात्रता सामन्यात तो वरिष्ठ संघाकडून प्रथम खेळला आणि २००१ च्या सुरुवातीला जर्मनीत बायर लेव्हरकुसेनकडे गेला.

तो कोणत्या प्रकारचा बचावपटू होता?

उंची १.८८ मीटर, खांदे रुंद आणि एवढ्या देहाला न शोभणारा वेग. ब्राझीलमध्ये त्याला ‘घोडा’ म्हणत. हे टोपणनाव कसे पडले, हे त्याची एक धाव पाहिली की समजते. प्रतिस्पर्ध्याच्या पायातून चेंडू काढून घेतल्यावर बहुतेक बचावपटू तो जवळच्या मध्यरक्षकाकडे सरकवतात आणि आपल्या जागी परततात. लुसियो चेंडू पुढे ढकलून थेट मध्यरेषा ओलांडत असे, लांब ढांगा टाकत, दोन जणांच्या मधून, आणि कित्येकदा थेट विरोधी गोलक्षेत्राच्या तोंडाशी जाऊन पोहोचे. त्याच्या प्रत्येक प्रशिक्षकाच्या पोटात अशा वेळी गोळा येत असणार, कारण वाटेत चेंडू गेला की मागे भगदाड पडलेले असे. परंतु त्या धावेमागे हिशेब असे. समोरचा संघ जागच्या जागी उभा राहून सगळ्या वाटा बंद करून बसला असेल, तर मागून येणाऱ्या बचावपटूला रोखायचे कोणी, हे ठरलेले नसते आणि कोणीतरी आपला माणूस सोडून पुढे यावे लागते.

बचावाचे मूळ कामही त्याने आपल्या पद्धतीने केले. तो आघाडीपटूला पाठमोरा राहू देत नसे. चेंडू त्याच्यापर्यंत येण्याआधीच तो पुढे घुसून मध्येच तोडत असे. ही पद्धत धोक्याची आहे, कारण अंदाज चुकला तर गोलरक्षक उघडा पडतो. अंदाज बरोबर निघाला तर मात्र टॅकल करण्याची, म्हणजेच फाउल होण्याची वेळच येत नाही. हवेतील चेंडूवर दोन्ही गोलक्षेत्रांत त्याचा दरारा होता. लेव्हरकुसेन आणि बायर्नकडून त्याने केलेले कित्येक गोल कॉर्नर वा फ्री किकवरचे आहेत.

लेव्हरकुसेनच्या २००१-०२ मोसमात नेमके काय घडले?

क्लाउस टॉपमोलर यांच्या या संघाला त्या मोसमात तीन विजेतेपदांची संधी होती आणि हाती एकही लागले नाही. बुंडेसलीगाच्या, म्हणजे जर्मन लीगच्या, तीन फेऱ्या शिल्लक असताना पाच गुणांची आघाडी होती. त्यातील दोन सामने गमावले आणि बोरुसिया डॉर्टमुंड एका गुणाने विजेता ठरला. जर्मन चषकाच्या अंतिम सामन्यात शाल्कने ४-२ असे हरवले. राहिली चॅम्पियन्स लीग.

उपांत्यपूर्व फेरीत लिव्हरपूलकडून पहिला सामना ०-१ असा गेल्यावर घरच्या मैदानावरील परतीचा सामना लेव्हरकुसेनने ४-२ जिंकला. त्यातील चौथा, संघाला पुढे नेणारा गोल शेवटच्या काही मिनिटांत लुसियोने केला. उपांत्य फेरीत मँचेस्टर युनायटेडला बाहेर काढून हा संघ १५ मे २००२ रोजी ग्लासगोच्या हॅम्पडेन पार्कवर रेआल माद्रिदसमोर उभा राहिला. रोबेर्टो कार्लोसच्या लांब थ्रो-इनवर राउलने पहिला गोल केला. त्यानंतर काही मिनिटांतच बेर्न्ड श्नायडरच्या फ्री किकवर लुसियोने हेडरने बरोबरी साधली. मध्यंतराच्या तोंडावर झिनेदिन झिदानने डाव्या पायाने हवेतल्या हवेत मारलेला तो प्रसिद्ध गोल झाला आणि सामना २-१ असा संपला. आजही त्या सामन्याची आठवण निघाली की लोक झिदानचाच गोल दाखवतात. अंतिम सामन्यात एका बचावपटूनेही गोल केला होता, हे सांगावे लागते.

२००२ च्या विश्वचषकात त्याच्या चुकीमुळे ब्राझील बाहेर पडला असता, असे म्हणतात. ती चूक कोणती?

२१ जून २००२, जपानमधील शिझुओका, इंग्लंडविरुद्ध उपांत्यपूर्व सामना. तेविसाव्या मिनिटाला एमिल हेस्कीने पुढे टाकलेला, फारसा धोकादायक नसलेला चेंडू लुसियो सहज ताब्यात घेईल असे सर्वांना वाटले. चेंडू त्याच्या मांडीवर आदळून उसळला आणि मायकेल ओवेनच्या पुढ्यात पडला. ओवेनने गोलरक्षक मार्कोसच्या अंगावरून तो अलगद जाळ्यात टाकला. मध्यंतराच्या ठोक्याला रिवाल्डोने बरोबरी केली. उत्तरार्धात रोनाल्डिन्होच्या दूरवरच्या फ्री किकने आघाडी मिळाली आणि काही मिनिटांतच रोनाल्डिन्होला लाल कार्ड मिळून ब्राझील दहा जणांवर आला.

यानंतरच्या अर्ध्या तासाबद्दल मात्र फारसे बोलले जात नाही. एक गोलाची आघाडी, एक माणूस कमी आणि समोर बेकहॅम, स्कोल्स, ओवेन. तरीही इंग्लंडला धड संधी मिळू शकली नाही. ज्याच्या चुकीने गोल झाला तोच बचावपटू या अर्ध्या तासात फळीच्या मधोमध उभा होता आणि त्याच्या हालचालींत बिचकलेपणाचा लवलेशही नव्हता. माझ्या मते त्या स्पर्धेतील लुसियोची खरी कामगिरी हीच आहे. दुर्दैवाने संक्षिप्त चित्रफितींत ती येत नाही, तेथे मांडीवरून उसळलेला चेंडू तेवढा दिसतो.

त्या संघाच्या बचावाची रचना कशी होती?

प्रशिक्षक लुईझ फेलिपे स्कोलारी यांनी मागे तीन मध्यवर्ती बचावपटू ठेवले : लुसियो, एदमिल्सन आणि रोके ज्युनिअर. उजवीकडून कर्णधार काफू आणि डावीकडून रोबेर्टो कार्लोस जवळपास आघाडीच्या खेळाडूंसारखे धावत असत. या मोकळिकीचे भाडे मागच्या तिघांना भरावे लागे. ब्राझीलने सातही सामने जिंकले आणि लुसियो सातही सामन्यांत खेळला. उपांत्य सामन्यात तुर्कस्तानविरुद्ध १-० आणि ३० जून रोजी योकोहामातील अंतिम सामन्यात जर्मनीविरुद्ध २-० असे निकाल लागले, म्हणजे शेवटच्या दोन सामन्यांत बचाव अभेद्य राहिला.

अंतिम सामन्यातील जर्मन संघात श्नायडर, नॉयव्हिले आणि रामेलो हे लुसियोचे लेव्हरकुसेनमधील सहकारी होते. चौथा, मिशाएल बालाक, निलंबनामुळे बाहेर बसला होता. ग्लासगोत ज्याच्या फ्री किकवर लुसियोने गोल केला, त्याच श्नायडरला सात आठवड्यांच्या आत योकोहामात त्याला अडवावे लागले.

बायर्न म्युनिकमधील पाच वर्षे कशी गेली?

विजेतेपदांच्या दृष्टीने भरघोस. लुसियो २००४ च्या उन्हाळ्यात म्युनिकला आला. फेलिक्स मागाट यांच्या मार्गदर्शनाखाली २००५ आणि २००६ अशी सलग दोन वर्षे लीग आणि चषक दोन्ही बायर्नने जिंकले. लागोपाठ दोनदा असे दुहेरी यश त्याआधी कोणत्याही जर्मन क्लबने मिळवले नव्हते. २००८ मध्ये ओटमार हिट्झफेल्ड यांच्या हाताखाली पुन्हा दोन्ही करंडक आले. युरोपात मात्र या संघाची झेप उपांत्यपूर्व फेरीपलीकडे चॅम्पियन्स लीगमध्ये गेली नाही.

त्यातल्या त्यात लक्षात राहावी अशी लढत म्हणजे फेब्रुवारी-मार्च २००७ मधील रेआल माद्रिदविरुद्धची. माद्रिदमध्ये बायर्न ३-२ असा हरला, तेथे लुसियोचा एक गोल होता. म्युनिकमध्ये रॉय माकायने दहाव्या सेकंदाला केलेल्या गोलाने खळबळ उडवली, पण पुढच्या फेरीचे दार उघडले ते उत्तरार्धातील लुसियोच्या हेडरने. सामना २-१ असा सुटला, एकूण ४-४ अशी बरोबरी झाली आणि परक्या मैदानावर अधिक गोल केल्यामुळे बायर्न पुढे गेला. दोन्ही सामन्यांत गोल करणारा हा खेळाडू मध्यवर्ती बचावपटू होता, हे पुन्हा सांगायला हरकत नाही.

२००९ मध्ये लुई व्हान गाल प्रशिक्षक म्हणून आले आणि त्यांच्या आखणीत लुसियोला जागा नसल्याचे स्पष्ट झाले. एकतिसाव्या वर्षी त्याला मिलानची वाट धरावी लागली.

३८६ मिनिटांचा विक्रम काय आहे?

२००६ च्या जर्मनीतील विश्वचषकात लुसियोने सलग ३८६ मिनिटे एकही फाउल न करता खेळण्याचा विक्रम केला. क्रोएशिया, ऑस्ट्रेलिया, जपान आणि घाना यांच्याविरुद्धचे चार पूर्ण सामने, म्हणजे ३६० मिनिटे, आणि फ्रान्सविरुद्धच्या उपांत्यपूर्व सामन्याची पहिली सव्वीस मिनिटे. या आकड्याचे मोल समजायला दोन गोष्टी ध्यानात घ्याव्या लागतात. एक, मध्यवर्ती बचावपटूचा धंदाच धक्काबुक्कीचा. हवेत चेंडूसाठी उडी मारताना कोपर लागला तरी पंच शिटी वाजवतात. दुसरी, या काळात तो नुसता दूर उभा राहिला असे नाही, कारण पहिल्या चार सामन्यांत ब्राझीलवर केवळ एकच गोल झाला होता, तोही जपानचा. फ्रान्सविरुद्ध झिदानच्या फ्री किकवर थिएरी ऑन्रीच्या गोलाने ब्राझील ०-१ असा हरला आणि त्या स्पर्धेची चर्चा ‘नावाजलेले आघाडीपटू फुसके निघाले’ याच सुरात झाली. बचावाची कामगिरी त्या गदारोळात वाहून गेली.

तो कर्णधार केव्हा झाला आणि जोहान्सबर्गच्या गोलाला एवढे महत्त्व का?

२००६ च्या अपयशानंतर डुंगाकडे राष्ट्रीय संघाची सूत्रे आली आणि काफूनंतरचा नियमित कर्णधार म्हणून त्याने लुसियोची निवड केली. २८ जून २००९ रोजी जोहान्सबर्गच्या एलिस पार्कवर कॉन्फेडरेशन्स चषकाच्या अंतिम सामन्यात मध्यंतराला अमेरिका २-० अशी पुढे होती. डेम्प्सी आणि डोनोव्हन यांचे ते गोल होते. उत्तरार्ध सुरू होताच लुईस फाबियानोने एक गोल फेडला आणि चौऱ्याहत्तराव्या मिनिटाला बरोबरी केली. चौऱ्याऐंशीव्या मिनिटाला एलानोने कॉर्नर मारला, लुसियोने सर्वांच्या वर उसळी घेऊन चेंडू डोक्याने जाळ्यात धाडला आणि धावत सुटला. सामना संपल्यावर तो ढसाढसा रडत होता. मग सगळा संघ मैदानातच रिंगण करून गुडघ्यांवर बसला आणि प्रार्थना झाली. लुसियो श्रद्धाळू इव्हँजेलिकल ख्रिस्ती आहे आणि ती श्रद्धा तो उघडपणे मिरवतो. या सामूहिक प्रार्थनेवर युरोपात थोडी नापसंतीही व्यक्त झाली.

राष्ट्रीय संघासाठी त्याने केलेल्या अवघ्या चार गोलांपैकी हा एक. कर्णधाराने, अंतिम सामन्यात, सहा मिनिटे उरली असताना केलेला.

इंटर मिलानमधील २००९-१० हा मोसम त्याच्या कारकिर्दीचा कळस मानावा का?

विश्वचषक जिंकलेल्या खेळाडूबाबत असे म्हणणे धाडसाचे वाटेल, पण मी तसेच मानतो. २००२ मध्ये तो चोवीस वर्षांचा होता आणि मोठ्या नावांच्या सावलीत खेळत होता. २०१० मध्ये बचावाची सूत्रे त्याच्याकडे होती. जोसे मोरिन्यो यांच्या संघात गोलरक्षक ज्युलिओ सेझार, उजवीकडे मायकों, मध्ये लुसियो आणि अर्जेंटिनाचा वॉल्टर सॅम्युएल अशी फळी होती. सॅम्युएल मागे थांबून राखण करणारा आणि लुसियो पुढे घुसून तोडणारा असल्यामुळे ही जोडी एकमेकांच्या उणिवा झाकत असे. ब्राझील आणि अर्जेंटिनाचे दोघे इतके जुळलेले पाहायला मिळणे हेही एक नवलच.

उपांत्य फेरीत समोर गतविजेता बार्सिलोना होता. आइसलँडमधील ज्वालामुखीच्या राखेमुळे विमाने बंद असल्याने बार्सिलोनाला बसने मिलान गाठावे लागले आणि पहिला सामना इंटरने ३-१ जिंकला. २८ एप्रिलच्या परतीच्या सामन्यात अठ्ठाविसाव्या मिनिटालाच थियागो मोत्ताला लाल कार्ड मिळाले. पुढचा तासभर दहा जणांनी स्वतःच्या गोलक्षेत्रासमोर अक्षरशः खिंड लढवली. आघाडीपटू सॅम्युएल इटो बचावपटूसारखा कडेला राबत होता आणि मध्यभागी लुसियो आणि वॉल्टर सॅम्युएल आलेला प्रत्येक चेंडू बाहेर फेकत होते. या रात्री मध्यरेषा ओलांडण्याचा मोह त्याने पूर्णपणे आवरला. बार्सिलोनाला एकच गोल करता आला आणि एकूण ३-२ अशा फरकाने इंटर अंतिम सामन्यात गेला.

अंतिम सामना २२ मे रोजी माद्रिदच्या बर्नाबेऊ मैदानावर झाला आणि प्रतिस्पर्धी होता बायर्न म्युनिक, प्रशिक्षक व्हान गाल. ज्यांनी वर्षभरापूर्वी लुसियोला नको म्हटले होते, त्यांच्याविरुद्ध त्याने गोल होऊ दिला नाही. दिएगो मिलितोने दोन गोल केले. त्यांतील दुसऱ्या वेळी चकला तो बायर्नमध्ये लुसियोसोबत खेळलेला डॅनिएल व्हान ब्युटन. लीग, चषक आणि चॅम्पियन्स लीग एकाच मोसमात जिंकणारा इंटर हा पहिला इटालियन क्लब ठरला. त्या वर्षी व्यावसायिक खेळाडूंनी निवडलेल्या जागतिक संघात लुसियोचा समावेश झाला.

वर्षअखेरीस अबू धाबीत इंटरने क्लब विश्वचषकही जिंकला. तेथे अंतिम सामना मिलानच्या इंटरचा पोर्तो अलेग्रेच्या इंटरनॅसियोनालशी, म्हणजे लुसियोच्या जुन्या क्लबशी होणार असे साऱ्यांनी गृहीत धरले होते. पण काँगोच्या टीपी माझेंबेने इंटरनॅसियोनालला उपांत्य फेरीतच २-० असे गारद केले.

२०१० च्या विश्वचषकात काय बिनसले?

कर्णधार म्हणून हा त्याचा एकमेव विश्वचषक. नेदरलँड्सविरुद्ध पोर्ट एलिझाबेथ येथील उपांत्यपूर्व सामन्यात रोबिन्योच्या गोलाने ब्राझील पूर्वार्धात पुढे होता आणि खेळही उत्तम चालला होता. उत्तरार्धात गोलक्षेत्रात आलेल्या दोन चेंडूंवर घोळ झाला, दोन्ही गोल वेस्ली स्नायडरच्या नावावर लागले आणि फेलिपे मेलोला लाल कार्ड मिळाले. स्नायडर हा इंटरमधील लुसियोचाच सहकारी. या सामन्यासह लुसियोचे विश्वचषकातील सामने सतरा झाले : २००२ मध्ये सात, २००६ आणि २०१० मध्ये प्रत्येकी पाच.

कोणते मोठे करंडक त्याला मिळाले नाहीत?

दक्षिण अमेरिकेचा कोपा अमेरिका त्याला कधीच जिंकता आला नाही. ब्राझीलने २००४ आणि २००७ मध्ये ही स्पर्धा जिंकली तेव्हा तो संघात नव्हता आणि २०११ मध्ये पॅराग्वेविरुद्ध पेनल्टी शूटआउटमध्ये ब्राझीलच्या चारही पेनल्टी वाया गेल्या. त्याच वर्षी त्याची आंतरराष्ट्रीय कारकीर्द संपली. ऑलिंपिक सुवर्ण आणि कोपा लिबर्टाडोरेस ही दक्षिण अमेरिकी क्लबांची सर्वोच्च स्पर्धा हेही राहिले.

इंटरनंतर त्याची घसरण झाली का?

झाली. २०१२ मध्ये तो युव्हेंटसला गेला, पण अंतोनियो कोन्ते यांच्या तीन बचावपटूंच्या बसलेल्या घडीत त्याला जागा मिळाली नाही आणि काही महिन्यांतच करार संपला. २०१३ मध्ये साओ पावलोने त्याला वाजतगाजत मायदेशी आणले. लिबर्टाडोरेसमध्ये अतलेतिको मिनेइरोविरुद्ध त्याला लाल कार्ड मिळाले, पुढे तो संघाबाहेर फेकला गेला. २०१४ मध्ये पाल्मेरासकडून तो नियमित खेळला, मात्र क्लबच्या शताब्दी वर्षातच संघावर खालच्या श्रेणीत जाण्याची नामुष्की येता येता टळली. पुढे घुसून चेंडू तोडणाऱ्या बचावपटूला वय इतरांपेक्षा अधिक जाचते, कारण अर्धे पाऊल उशीर झाला की तीच चाल फाउल ठरते.

तो गोव्यात कसा आला आणि तेथे त्याची कामगिरी कशी झाली?

इंडियन सुपर लीगच्या सुरुवातीच्या मोसमांत प्रत्येक संघाला एक नामवंत ‘मार्की’ खेळाडू घेण्याची मुभा होती. एफसी गोवाचे प्रशिक्षक ब्राझीलचे झिको होते आणि त्यांनी संघात मायदेशातील अनेकांना आणले. २०१५ मध्ये सदतीस वर्षांचा लुसियो असाच मडगावात दाखल झाला. गोव्याला फुटबॉलचे वेड क्रिकेटपेक्षा अधिक आणि घराघरांत ब्राझील वा पोर्तुगालचा झेंडा विश्वचषकाच्या महिन्यात फडकणार हे ठरलेले. त्यामुळे येथील प्रेक्षकांना त्याची ओळख करून देण्याची गरज पडली नाही.

त्या मोसमात एफसी गोवा साखळीत अव्वल ठरला. फातोर्ड्याच्या जवाहरलाल नेहरू मैदानावर मुंबई सिटीला ७-० असे हरवले, त्या सामन्यात हाओकिप आणि डुडू या दोघांनी प्रत्येकी तीन गोल केले होते. मुंबईकरांनी तो सामना विसरणेच पसंत केले असावे. उपांत्य फेरीत गाठ दिल्ली डायनामोजशी पडली, ज्यांचा प्रशिक्षक होता रोबेर्टो कार्लोस. दिल्लीत गोवा ०-१ असा हरला आणि फातोर्ड्याला ३-० असा जिंकला. ग्लासगोत विरुद्ध बाजूंना, योकोहामात एका बाजूला आणि तेरा वर्षांनी भारतात पुन्हा समोरासमोर, असा या दोघांचा प्रवास झाला.

२० डिसेंबर २०१५ रोजीचा अंतिम सामना फातोर्ड्यालाच होता. चेन्नईयिनचा प्रशिक्षक मार्को मातेराझी हा इंटरमधील जुना सहकारी आणि त्या संघात एलानोही होता, ज्याच्या कॉर्नरवर जोहान्सबर्गचा गोल झाला होता. सत्त्याऐंशीव्या मिनिटाला जोफ्रेच्या फ्री किकने गोव्याला २-१ आघाडी मिळाली आणि प्रेक्षागार उसळले. नव्वदाव्या मिनिटाला चेंडू गोव्याच्याच गोलरक्षकाच्या अंगाला लागून आत गेला आणि भरपाई वेळेत मेंडोझाने तिसरा गोल करून करंडक चेन्नईला नेला. काही मिनिटांत हातातोंडाशी आलेला घास गेला. सासष्टीतील, म्हणजे मडगावच्या तालुक्यातील, लोक त्या सामन्याची आठवण अजून काढतात आणि अजून हळहळतात.

२०१६ चा मोसम निराशेचा ठरला. आठ संघांत गोवा तळाशी राहिला. शेवटच्या सामन्यात चेन्नईयिनला ५-४ असे हरवले एवढाच दिलासा. त्याचा पूर्वीचा वेग या दोन वर्षांत दिसला नाही, हे मान्य करावे लागेल. परंतु बाजूच्या तरुण बचावपटूला दोन पावले डावीकडे सरकायला सांगणारा त्याचा हात सतत हलत असे आणि मैदानावर बसून पाहणाऱ्याला तो टीव्हीपेक्षा अधिक दिसे.

त्याने निवृत्ती केव्हा घेतली?

गोव्यानंतर तो आपल्या जिल्ह्यात परतला. २०१८ मध्ये गामा आणि मग ब्राझिलिएन्से या स्थानिक क्लबांकडून खेळला आणि जानेवारी २०२० मध्ये, एक्केचाळिसाव्या वर्षी, निवृत्ती जाहीर केली.

ब्राझीलच्या महान बचावपटूंत त्याचे स्थान कोठे?

निल्टन सांतोस, कार्लोस आल्बेर्टो, काफू, रोबेर्टो कार्लोस ही ब्राझीलची गाजलेली बचावपटूंची नावे पाहिली तर सगळे कडेने खेळणारे आहेत. मध्यवर्ती बचावपटूला त्या देशात कौतुक कमीच मिळते. १९५८ आणि १९६२ चे विश्वचषक उचलणारे कर्णधार बेलिनी आणि माउरो मध्यवर्ती बचावपटू होते, तरी आज त्यांची नावे किती जणांना आठवतात? गेल्या तीस वर्षांतील मध्यवर्ती बचावपटूंचा विचार केला तर सफाईत थियागो सिल्वा सरस आहे, आणि चेंडू खेळवण्यात हुआन लुसियोपेक्षा अधिक नजाकतदार होता. पण विश्वचषक आणि चॅम्पियन्स लीग दोन्ही जिंकून, दोन्हींत संघाच्या बचावाचा कणा असलेला लुसियोसारखा दुसरा मध्यवर्ती बचावपटू या काळात ब्राझीलला मिळालेला नाही.

त्याचा खेळ समजून घ्यायला कोणता सामना आधी पाहावा?

एकच पाहायचा असेल तर एप्रिल २०१० चा बार्सिलोना-इंटर परतीचा सामना पाहावा आणि तो संक्षिप्त न पाहता पूर्ण पाहावा. कॅमेरा चेंडूमागे धावत असला तरी नजर इंटरच्या सहा क्रमांकावर ठेवावी. वेळ असेल तर शिझुओकाचा उत्तरार्ध, त्यानंतर जोहान्सबर्गचा. फातोर्ड्याचा अंतिम सामना गोवेकरांनी शेवटी पाहावा, किंवा सत्त्याऐंशीव्या मिनिटाला बंद करावा.